एकोणिसावी मुलाखत

८ जानेवारी

मिळाला! प्रकल्प मिळाला, आणि प्रमुख म्हणून नाव माझं. संचालक बाईंनी खोलीत बोलावलं आणि म्हणाल्या, "आता दुसऱ्यांच्या अभ्यासातले आकडे जुळवणं पुरे. हा तुमचा." इतकी वर्षं दुसऱ्यांच्या लग्नात पंगती वाढल्या, आता एकदाचं आपलं लग्न. म्हणूनच ही वही काढली. मोठ्या कामाची सुरुवात कुठंतरी लिहून ठेवावी.

विषय असा की, नवरा-बायको दोघंही नोकरी करतात त्या घरांत काम आणि संसार यांचा मेळ कसा बसतो. रुग्णालय, बँक, शाळा, कपड्यांचा कारखाना, अशा ठिकाणच्या बायकांच्या सविस्तर मुलाखती घ्यायच्या. नवऱ्यांसाठी वेगळी छापील प्रश्नावली. मुलाखती घेणार माझी सहायक. तिला सगळी संस्था तुफान म्हणते. बोलते वेगात, चालते वेगात, आणि चार प्रश्नांत समोरच्याचं मन मोकळं करते. मीच तिला या कामात घडवलंय.

घरी येऊन बायकोला सांगितलं. ती नुकतीच रक्तपेढीतून आली होती, चपलाही अजून काढायच्या होत्या. म्हणाली, "अरे वा! म्हणजे आता तू बायकांना विचारणार, घर कसं चालतं?"

"विचारणार तुफान. मी फक्त निष्कर्ष काढणार."

यावर ती जी हसली! खूप दिवसांनी तिला असं हसताना पाहिलं. बरं वाटलं.

खरं तर आमच्याच घराचा अभ्यास करायला हरकत नाही. सगळं निम्मं-निम्मं. बिलं मी भरतो, ठमीची फी मी भरतो, रविवारची भांडी माझी. (ठमी म्हणजे आमची लेक. वय अकरा. पाळण्यातलं नाव एवढं लांबलचक की ते फक्त शाळेत वापरतात.) आईला रोज इन्सुलिन टोचायचं तेवढं बायकोकडे आहे. पण तिच्या हाताला त्याची सवय आहे, आणि मला सुई बघवत नाही.

२१ जानेवारी

संमतिपत्र तयार केलं. मुलाखतीआधी प्रत्येक बाईनं ते वाचून सही करायची. तुफाननं नेहमीचं वाक्य घातलं होतं, 'गोपनीयतेची हमी देण्यात येत आहे.' मी खोडलं.

"का सर?"

"हमी कंपन्या देतात. माणूस शब्द देतो." आणि तिथं लिहिलं: 'तुम्ही इथं जे बोलाल ते तुमच्या घरी किंवा कामाच्या ठिकाणी कुणालाही कळणार नाही. हा आमचा शब्द.'

नियमही पक्के केले. संशोधकांच्या नात्यातलं कुणी घ्यायचं नाही. मूळ आवाज, म्हणजे ध्वनिमुद्रण, फक्त मुलाखत घेणाऱ्यानं ऐकायचा, बाकीच्यांनी नावंगावं काढून टाकलेली टाइप केलेली प्रत वाचायची. आवाजाच्या कपाटाला कुलूप, आणि दुसरी किल्ली अडीअडचणीसाठी माझ्याकडे.

रात्रीच्या जेवणाच्या वेळी बायकोला ते वाक्य वाचून दाखवलं. तिनं ते दोनदा वाचायला लावलं. "छान लिहिलंयस," म्हणाली. "विश्वास बसतो."

९ फेब्रुवारी

बायकोला यायला उशीर झाला. आईला टोचायची वेळ टळून चाललेली, ठमीला भूक लागलेली, आणि मी आपला खिडकीत. आल्यावर विचारलं तर म्हणाली, "काम होतं जरा." डोळे लाल दिसत होते. रक्तपेढीतल्या त्या पांढऱ्या दिव्यांनी होतं तसं. चष्म्याचा नंबर तपासून घे म्हणून सांगितलं.

२७ फेब्रुवारी

टाइप केलेल्या प्रती येऊ लागल्या. नवऱ्यांच्या प्रश्नावल्याही. गंमत आहे. दहातले आठ नवरे लिहितात, 'घरकामात माझा निम्मा वाटा.' त्यांच्या बायका मुलाखतीत म्हणतात, 'तो मदत करतो.' मदत! निष्कर्ष इथंच आहे. पुस्तक होईल याचं.

आणि एकोणिसावी मुलाखत तर सोन्यासारखी. पहिली चार पानं वाचली आणि खुर्चीतच हसत सुटलो. ती बाई सांगते: 'माझा नवरा वाईट नाही हो. भांडी घासतो कधीमधी. पण घासली की दिवसभर त्यांच्याशेजारी असा उभा राहतो, जसा काही निवडणूक जिंकून आलाय. कौतुक करेपर्यंत हलत नाही.' पुढं: 'साखर कुठंय, असं विचारतो. साखर लग्न झाल्यापासून तिथंच आहे. हललेलं कुणी असेल तर मीच.'

प्रतीवर लाल शाईनं लिहिलं, 'उत्कृष्ट! कार्यशाळेत हे वाचून दाखवायचं. पुढचा उतारा तूच निवड.' आणि तुफानकडे पाठवली. ती प्रत हातात घेऊन दारापर्यंत आली, माझ्याकडे बघून परत गेली. दमली असेल पोरगी.

नावगाव काही नव्हतं, म्हणून जेवताना ते दोन उतारे घरीही वाचून दाखवले. आई तोंडाला पदर लावून हसली. बायको भात वाढत होती. म्हणाली, "मग? काय वाटलं तुला त्या नवऱ्याबद्दल?"

"असल्या माणसाशी ती राहते तरी कशी!" मी म्हटलं.

तिनं वाढलेला भात माझ्या ताटात जास्तच झाला. परत काढून घे म्हटलं, तर ऐकलंच नाही.

१२ मार्च

बायको हल्ली खुशीत दिसते. सकाळी डबे भरताना गुणगुणत असते. काल टेबलाशी काहीतरी वाचत बसली होती, मी गेल्यावर मिटलं. कामाचंच काही असेल. आपल्या घरात या विषयावर बोलणं होतं, त्याचाही परिणाम असेल. संशोधन असं झिरपतं.

ठमीच्या शाळेत पालकसभा होती. जाणार होतो, पण आराखड्याची बैठक लांबली. बायको गेली.

१४ एप्रिल

रात्रीचे दोन वाजलेत. तरी लिहितो. नाहीतर डोकं फुटेल.

आज कार्यशाळा होती. सभागृह भरलेलं. इतर संस्थांचे लोक, दोन पत्रकार, पहिल्या रांगेत संचालक बाई. मी प्रास्ताविक केलं, चांगलं झालं. मग तुफान उतारे वाचायला उभी राहिली. एकोणिसावा आला तसे लोक हसायला लागले. निवडणूक, साखर, सगळ्यावर हशा. व्यासपीठावर बसून सगळ्यात मोठ्यानं मी हसत होतो. मग तिनं पान उलटलं. माझ्याकडे एकदा पाहिलं आणि वाचलं. शब्दन् शब्द डोक्यात आहे:

'माझे बाबा अतिदक्षता विभागात होते. शेवटचंच होतं, मला कळत होतं, मी रुग्णालयातच काम करते. त्यांचा हात धरून बसले होते. फोन थरथरला. घरून होता. वाटलं, मुलीला काही झालं का? आत बोलता येत नाही, म्हणून हात सोडून बाहेर आले. नवरा विचारत होता, निळा कोट कुठंय. त्याला परिषदेला जायचं होतं. मी सांगितलं, कपाटात डावीकडं, पांढऱ्या पिशवीत. तो शोधेपर्यंत थांबले. सापडला म्हणाला. मग विचारलं त्यानं, बाबा कसे आहेत. मी म्हटलं, बरे आहेत. मला आत जायची घाई होती. आत आले तर नर्स चादर वर ओढत होती. मी कुणाला सांगितलं नाही. सगळे म्हणतात, लेकीच्या हातात हात देऊन गेले. म्हणू देत.'

एका बाईनं नाक पुसल्याचा आवाज आला. मी अंगावरच्या कोटाकडे पाहिलं. निळा. तोच.

नंतर मला समारोप करायचा होता. काय बोललो देव जाणे. टाळ्या झाल्या.

'लेकीच्या हातात हात देऊन गेले' हे वाक्य माझं आहे. सासरे गेले तेव्हा येणाऱ्या-जाणाऱ्या प्रत्येकाला मीच सांगत होतो, आणि ती शेजारी बसून मान हलवत होती. दोन वर्षं तिनं मला ते खोटं बोलू दिलं. आणि खरं सांगितलं कुणाला? माझ्याच हाताखालच्या पोरीला. यंत्र चालू ठेवून.

१५ एप्रिल

घरी काही बोललो नाही. ती नेहमीसारखी. "कार्यशाळा कशी झाली?" विचारलं. "छान," म्हटलं. "कोणती मुलाखत आवडली लोकांना?" तिनं विचारलं. मी उठून आंघोळीला गेलो.

ही बाई माझ्या तोंडाकडे बघून असं विचारू शकते? आपलेच दात, आपलेच ओठ.

१६ एप्रिल

तुफानला खोलीत बोलावलं, दार लावलं.

"तुला माहीत होतं?"

"हो सर."

"नात्यातलं कुणी घ्यायचं नाही, हा नियम कुणी केला?"

"तुम्ही. मी ताईंना सांगितलं तसं. त्या म्हणाल्या, 'सोळा वर्षं मी इथं काम करते. तुमच्या अभ्यासात रक्तपेढीतल्या सगळ्या जणी बसतात, मी तेवढी बसत नाही, का? तर माझा नवरा तुमचा साहेब आहे म्हणून. म्हणजे इथंही त्याच्यामुळंच गप्प बसायचं का?' सर, मला नाही म्हणता आलं नाही. चुकले मी."

"आणि चारचौघांत वाचून दाखवलंस!"

"मी ती वाचायची नाही असं ठरवलं होतं. तुम्हीच लाल शाईनं लिहिलंत. मग ताईंना विचारलं. त्या म्हणाल्या, वाच. त्याला ऐकू दे एकदा पूर्ण."

म्हणजे दोघींचं संगनमत. घरात एक, दारात एक. मध्ये मी, मृदंगासारखा, दोन्हीकडून थापा खाणारा.

१८ एप्रिल

संचालक बाईंकडे लेखी तक्रार दिली. सहायकानं जाणूनबुजून नियम मोडला. बायकोचं नाव घातलं नाही, 'एका संशोधकाची नातेवाईक' एवढंच. बाईंनी चष्मा काढून विचारलं, "कुणाची नातेवाईक, हे मी विचारू नये, असं तुम्हाला वाटतं का?" मी म्हटलं, तत्त्वाचा प्रश्न आहे. त्यांनी तुफानला प्रकल्पावरून काढलं. तिनं स्वतःच्या बाजूनं एक शब्द काढला नाही. टेबल आवरलं, रोपटं काखोटीला मारलं आणि गेली. तुफान इतक्या हळू चालताना पहिल्यांदाच पाहिली.

आईला एवढंच सांगितलं की एका माणसानं विश्वासघात केला म्हणून काढावं लागलं. आई म्हणाली, "काढलंस ते बरं. पण तू का तोंड पाडून बसलायस? काढणारा असा बसत नाही."

२० एप्रिल

सुट्टी. संस्था बंद. दुपारी गेलो आणि आवाजाचं कपाट उघडलं.

मी प्रकल्पप्रमुख आहे. तक्रार झालेली आहे. तपास करणं माझं कर्तव्य आहे. किल्ली त्यासाठीच दिलेली असते.

सगळी मुलाखत ऐकली. टाइप केलेल्या प्रतीत आवाज नसतो. ती मध्येमध्ये किती वेळ गप्प राहते, हे कागदावर कळत नाही. आणि ती हसते. मी घरी वर्षानुवर्षं ऐकलेलं नाही असं, मोकळं, तोंड भरून. तुफानबरोबर.

शेवटी तुफान विचारते, "ताई, तुम्हाला स्वतःला काय हवंय?" मग तिचा आवाज: "नवं विभागीय रक्तकेंद्र निघतंय, दुसऱ्या गावी. सकाळी निघालं तर दुपारी पोचतो इतकं लांब. प्रमुखाची जागा आहे. मला वरून विचारलंय, अर्ज करता का. ठरत नाहीये. घरी बोलले नाही. बोलले की घरात चर्चा होईल, आणि चर्चेच्या शेवटी असं ठरेल की मुळात मलाच जायचं नाहीये. तसंच होतं नेहमी. आणि कुणी वाईट बोलतही नाही हो. सगळे प्रेमानंच बोलतात."

हा भाग टाइप केलेल्या प्रतीत नव्हता. तुफाननं गाळला होता. माणूस ओळखू येईल म्हणून.

बायको घर सोडून जायचा विचार करते आणि सगळ्या जगात ते फक्त एका परक्या पोरीला माहीत! मी कोण? भाडेकरू?

२८ एप्रिल

ठरवलंय. विचारायचं नाही. तिनं सांगावं. आपणहून.

तिला तशी संधी मिळावी म्हणून सगळं करतोय. सकाळी लवकर उठून डबे भरतो. ठमीच्या वेण्या घातल्या. ठमी म्हणाली, "बाबा, एक वेणी पूर्वेला चाललीय आणि एक पश्चिमेला." पालकसभेची तारीख फ्रिजवर चिकटवली. भांडी घासली आणि लगेच तिथून निघून गेलो, उभा राहिलो नाही.

बायको दोनदा थबकून बघत राहिली. काल म्हणाली, "काय चाललंय तुझं? तब्येत बरी आहे ना?"

एवढं करूनही ती बोलत नाही. पोटात एक, ओठावर एक.

६ मे

झालं. सगळं झालं.

संध्याकाळ. ती कपड्यांना इस्त्री करत होती. आई आत पडलेली, ठमी शेजारी खेळायला गेलेली. ती सहज म्हणाली, "पुढच्या वर्षी ठमीला पोहायला घालू या. भीती मोडायला हवी तिची."

किती सहज! माझा संयम सुटला. "पुढच्या वर्षी तू इथं असलीस तर ना."

तिनं इस्त्री उभी केली. "म्हणजे? मी कुठं जाणार आहे?"

"तुलाच ठाऊक. मोठी प्रमुख होणार ना तू! ठमीच्या शाळेचं काय, आईच्या सुयांचं काय, याचा विचार..."

"थांब." ती इतकं हळू म्हणाली की मी खरंच थांबलो. "प्रमुखाचं तुला कुणी सांगितलं?"

मी इस्त्री झालेल्या कपड्यांची चळत सारखी करू लागलो.

"तुफाननं?"

तोंडावर 'हो' आलं होतं. तेवढं म्हटलं असतं तरी निभावलं असतं.

"नाही," ती स्वतःच म्हणाली. "ती मला म्हणाली होती की कागदावरसुद्धा हे उतरवणार नाही. ती शब्द मोडणार नाही." मग माझ्याकडे पाहिलं, आणि तिला कळलं. तिच्या चेहऱ्यावर ते कळत जाताना मी पाहिलं. "तू माझा आवाज ऐकलास."

"मला अधिकार होता. मी प्रमुख..."

"पूर्ण ऐकलास?"

"तू मला सांगितलं नाहीस!" मी ओरडलोच. "कोटाचं सांगितलं नाहीस. जागेचं सांगितलं नाहीस. परक्या पोरीपुढं माझी लक्तरं काढलीस, सभागृह हसवलंस. विश्वासघात कुणी केला? मी की तू?"

ती ओरडली नाही. तिनं ओरडायला हवं होतं.

"सांगते," म्हणाली. "नवऱ्याला मी सांगितलं नाही, कारण नवरा ऐकायच्या आधीच उत्तर देतो. पण तो कागद आला ना माझ्यापुढं सहीला, त्यावर तुझं वाक्य होतं. घरी कळणार नाही, हा आमचा शब्द. तू मला वाचून दाखवलं होतंस. माझ्या मनात आलं, घरात काही असो, कामात हा माणूस शब्दाचा पक्का. मी त्या पोरीवर विश्वास टाकून बोलले नाही रे. तिला मी ओळखत कुठं होते? मी तुझ्यावर विश्वास टाकून बोलले."

मी म्हटलं, "निदान नंतर तरी..."

"नंतर तूच ती मुलाखत जेवताना वाचून दाखवलीस. मी पातेलं हातात धरून वाट बघत होते. आत्ता ओळखेल, साखरेला ओळखेल, निदान साखरेला. तू म्हणालास, असल्या माणसाशी ती राहते तरी कशी. तोवर माझं ठरत नव्हतं. दुसऱ्या दिवशी जाऊन अर्ज दिला."

इस्त्री तापून वास यायला लागला होता. तिनं बटण बंद केलं, उरलेल्या कपड्यांची तशीच घडी घातली आणि आईला टोचायला आत गेली.

७ मे

ती ठमीच्या खोलीत झोपली. मी चुकलो असेन. पण सुरुवात कुणी केली?

११ मे

संचालक बाईंनी बोलावलं.

"तुमच्या पत्नी आल्या होत्या. मुलाखत काढून टाका म्हणाल्या. तो त्यांचा हक्क आहे, काढली. कारण विचारलं, तर एवढंच म्हणाल्या, 'माझं बोलणं घरी पोचलं.' पुढं एक शब्द बोलल्या नाहीत. कसं पोचलं, हे आता तुम्ही सांगा."

अजूनही पळवाट होती. तुफान आधीच गेलेली, तिच्या माथी आणखी एक मारलं असतं तर कुणाला कळलं असतं? तिला कळलं असतं. आणि घरी एकीला.

"मी कपाट उघडलं," मी म्हटलं. "ऐकलं. आणि घरी वापरलं."

बाईंनी फायलीतून माझी तक्रार काढून समोर ठेवली. मग म्हणाल्या, "त्या मुलीनं नियम मोडला तो एका बाईला बोलता यावं म्हणून. तुम्ही मोडला तो..." वाक्य पुरं केलं नाही. मोठ्या माणसांची ही एक शिक्षाच असते.

प्रकल्प गेला. मी पुन्हा दुसऱ्यांचे आकडे जुळवणार. तुफानला परत बोलावलंय.

१५ मे

तुफान जिन्यात भेटली. मला वाटलं तोंड फिरवेल. थांबली. "सर, मुलाखत काढली ते मला कळलं. वाईट झालं. त्या सगळ्यांत खरी तीच होती."

"तू मला आधी सांगायला हवं होतंस," मी म्हटलं.

"काय सांगणार होते, सर? तुमचीच बायको तुम्हाला ओळखू येत नाहीये, असं?"

आणि दोन-दोन पायऱ्या उतरत गेली. मीच घडवलेली पोर. हेही माझ्याच हातानं घडलं म्हणायचं.

२ जून

तिला जागा मिळाली. तिनं आम्हा तिघांना बसवून सांगितलं. विचारलं नाही, सांगितलं. आठवड्याचे पाच दिवस तिकडं, दोन दिवस इथं. ठमीची शाळा इथंच. वर्षभरानं पुढचं बघायचं. "आपलं काय?" असं मी विचारलं नाही, तिनंही काढलं नाही.

ठमी रडली, मग विचारलं, "तिकडं पोहायचा तलाव आहे?"

आई म्हणाली, "आणि माझं टोचणं?"

सगळे माझ्याकडे बघायला लागले.

बायकोनं शिकवलं. आधी संत्र्यावर, मग आईवर. सुई हातात आली आणि मला दरदरून घाम फुटला. आई म्हणाली, "अरे टोच की! चारशे माणसांपुढं भाषण देताना थरथरत नाहीस!" बायकोनं माझ्या हातावर हात ठेवून कोन दाखवला. एवढाच स्पर्श, महिनाभरात. सुई गेली. "बरी टोचलीस," आई म्हणाली, "पण ती टोचते तेव्हा कळतही नाही."

९ जून

ती गेली. स्थानकावर ठमीला तिनं बराच वेळ जवळ धरलं. मला म्हणाली, "येते." मी म्हटलं, "नीट जा." एवढंच. आयुष्यभर शब्दांवर पोट भरणारा माणूस मी!

राग अजून आहे. खोटं कशाला लिहू? सकाळी उठतो तो रागातच. फक्त दिवसभरात तो कुणावर आहे हे बदलत राहतं.

२३ जून

दुसऱ्यांदा ती घरी आली. पहिल्या खेपेला पाहुण्यासारखी होती. मी विचारायचो, ती उत्तर द्यायची. काम कसं आहे? ठीक आहे. खोली? बरी आहे. जेवढं विचारलं तेवढंच, नीट, सभ्यपणे. अशा मुलाखती मी हजार वाचल्यात. बाई काही लपवत नसते, पण देतही नसते. तेव्हा टाइप केलेल्या प्रतीच्या कोपऱ्यात आम्ही लिहितो, 'मनमोकळी नाही.'

आज दुपारी आई झोपली होती. ठमी मैत्रिणीकडे गेलेली. मी चहा केला, दोन कप घेऊन स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसलो. काही विचारलं नाही. विचारायचं सुचलंच नाही, हे खरं. चहा संपत आला तरी दोघं नुसते बसून होतो.

मग ती म्हणाली, "तिकडं एक झालंय. कुणाला तरी सांगायला हवं."

मी मान वर केली. 'काय झालं?' ओठावर आलं होतं. गिळलं.

तिनं टेबलावरचा माझा फोन उचलला. उठली, बाहेरच्या खोलीत ठेवून आली. स्वयंपाकघराचं दार लोटून घेतलं. परत येऊन समोर बसली आणि माझ्याकडे बघत राहिली. समोरच्याच्या खिशात चाकू नाही ना, हे माणूस बघतो, तसं. मला फार लागलं ते. पण मी हात टेबलावर उघडे ठेवून बसलो.

"हं," ती म्हणाली. "सांगते."

मग बोलत राहिली. ऊन टेबलावरून उतरून जमिनीवर गेलं तोवर. मी मध्ये एक शब्द बोललो नाही.

काय सांगितलं, ते इथं लिहिणार नाही.